लिफ्टखालचे मूग

लिफ्टकाकांनी हयातभर लोकांना वर नेलं आणि सुखरूप खाली आणलं. बाहत्तराव्या वर्षी मात्र त्यांचं सगळं भवितव्य एका वाटी मुगावर येऊन ठेपलं.

त्यांची लेक प्रयोगशाळेत रक्त तपासायची. नाक असं तिखट, की दूध नासणार आहे हे हिला आधी कळावं आणि दुधाला नंतर. एका रविवारी ती चार जिने चढून आली, कारण इमारतीची लिफ्ट चार महिने बंद होती. आत पाऊल टाकलं तर गॅसवर पातेलं कोरडं ठणठणीत जळत होतं आणि काका शेजारच्या खोलीत रेडिओ दुरुस्त करत होते.

"बाबा, बास झालं. माझ्याकडे चला."

"तुझ्याकडे येऊन काय करू?"

"बसा."

"बसायला मला इथे खुर्ची आहे."

लेकीने पातेलं नळाखाली धरलं. ते चर्र करून तिच्या बाजूने बोललं.

"बरं, असं करा. एक वाटी मूग भिजवा. मोड आणा. दिवसातून तीनदा धुवायचे, निथळायचे, झाकून ठेवायचे. या उकाड्यात एक खेप चुकली की आंबलेच. पुढच्या रविवारी मला न आंबलेले मोड दाखवा, मी परत हा विषय काढणार नाही. नाही तर चलायचं. बॅग घेऊनच येते."

"लहान की मोठी?"

"मोठी."

काकांनी रात्री मूग मोजायला घेतले. आता लिफ्टच्या धंद्यात एक रीत आहे. दोराला दहा माणसांचं वजन लटकणार असेल तर दोर घ्यायचा एकशेवीस माणसांचा. बारापट. चाळीस वर्षं ही रीत पाळली म्हणून कुणाच्या केसाला धक्का लागला नव्हता. ती रीत एका वाटीसाठी मोडायची कशी? त्यांनी बारा वाट्या भिजवल्या, निथळल्या आणि पत्र्याच्या डब्यात दडपून खिडकीत ठेवल्या.

मंगळवारी संध्याकाळी खालच्या मजल्यावरच्या टायपिस्टबाई नाकाला ओढणी लावून दारात उभ्या.

"काका, कुणाचे मोजे भिजत घातलेत?"

"मूग आहेत."

"होते म्हणा." त्यांनी झाकण उचललं आणि लगेच ठेवलं. "अहो, पाणी पूर्ण निथळलं पाहिजे, हवा खेळली पाहिजे, जागा गार आणि अंधारी पाहिजे. तुम्ही त्यांना उन्हात कोंडून घातलंत. माणूससुद्धा आंबेल."

"फ्रिजमध्ये ठेवू?"

"तिथे ते झोपी जातात. आठवडाभर उठत नाहीत."

गार, अंधारी आणि पाणी वाहून जाईल अशी जागा. काका अर्धा तास खुर्चीत बसून इमारत मनातल्या मनात वरून खाली उतरत गेले आणि लिफ्टच्या खड्ड्यात येऊन थांबले. वर लिफ्टचं बूड, खाली फरशी, मध्ये अडीच फूट गारवा आणि कोपऱ्यात मोरी. नोकरीत ही लिफ्टही त्यांच्याच देखभालीत होती; खड्ड्याच्या दाराची किल्ली निवृत्तीच्या दिवशी परत करायची राहून गेली होती. बारा वर्षं राहूनच गेली होती.

मात्र या खेपेला धोका पत्करून चालणार नव्हतं. बारा वाट्या तर आंबून गेल्या. म्हणजे बारापट कमी पडलं. म्हणजे बाराची बारापट. एकशे चव्वेचाळीस वाट्या ऐकल्यावर किराणावाल्याने मोजायचं माप खाली ठेवलं आणि पोतं पाठवून दिलं.

बुधवारी भिजवलेले मूग गुरुवारी खड्ड्यात पसरले. वर ओली गोणपाटं, त्यांवर उजेड येऊ नये म्हणून फळ्या. काका रोज तीनदा चार जिने उतरायचे, नळीने पाणी मारायचे, निथळलं का ते वाकून बघायचे आणि चार जिने चढायचे. गुडघे कुरकुरले, पण त्यांचं मत कुणी विचारलं नव्हतं.

लिफ्टचं दुखणं तसं किरकोळ होतं. तळमजल्याच्या चार बोटं खाली ती अडकली होती. घसरताना तिचे लोखंडी जबडे रुळांना चावले आणि चावूनच बसले. सोडवायला तिला चार बोटं वर उचलायची, एवढंच. पलीकडून समतोलाची वजनं असतात, त्यामुळे जोरही फार लागत नाही. पण त्यासाठी कंपनीची कप्पी यायची होती आणि कप्पी चार महिने वाटेत होती.

शनिवारी दुपारी टायपिस्टबाई वर आल्या.

"काका, लिफ्ट शिंकली."

काका खाली गेले. मोडांनी फळ्या लिफ्टच्या बुडाला टेकवल्या होत्या आणि तिला शांतपणे चार बोटं वर घेतलं होतं. जबडे सुटले होते. ज्यांना हे पटत नाही त्यांनी पोतंभर मूग भिजवून त्यावर बसून बघावं. काकांनी दारातून हात घालून जबडे चावले की वीज तोडणारा खटका पूर्ववत केला, मुगांवर पाणी मारलं आणि जिन्याने वर गेले. सवय झाली होती.

रविवारी लेक आली ती घाम न येता आली. हातात मोठी बॅग.

"लिफ्ट कधी सुरू झाली?"

"मूग चांगले आले," काका म्हणाले.

"कुठायत?"

"खाली. तू लिफ्ट वर आणलीस ते बरं झालं. आता दिसतील."

दोघं जिन्याने उतरली. लेक मागून बापाचे गुडघे बघत होती. पहिल्या मजल्यावर तिनेच कठड्याला धरून दम घेतला. काका थांबले.

खड्ड्यात काकांनी फळ्या आणि गोणपाटं बाजूला केली. खाली गादी घातल्यासारखे पांढरेशुभ्र, जाडजूड मोड. लेकीने वाकून हुंगलं. उजव्या कोपऱ्यात हुंगलं, डाव्या कोपऱ्यात हुंगलं, मग मधोमध. एक मोड चावला. कुडुम वाजला.

"मी एक वाटी म्हटलं होतं."

"यात आहे ती कुठेतरी."

लेकीने मोठी बॅग आडवी केली. मग तिने बॅगेची चेन उघडली आणि दोन्ही हातांनी मोड आत भरायला सुरुवात केली. काका घमेलं आणायला गेले. बॅग चेन लागेल इतकी भरली, तरी खड्ड्यात कमी झाल्याचं कळत नव्हतं.

"पुढच्या रविवारी येते," लेक म्हणाली. "तोवर पातेल्याकडे लक्ष ठेवा."

"दिवसातून तीनदा बघतो."

"आणि पुन्हा भिजवलेत तर एकच वाटी."

काकांनी मान हलवली. मनातल्या मनात त्यांचा बाराने गुणाकार तोवर झाला होता.