अप्पा खुर्चीतून उठले तेव्हा

त्या घरात रांगेत उभं राहणं म्हणजे कमीपणा मानला जायचा. दवाखान्यात गेलं की आई "फक्त एकच विचारायचंय हो!" म्हणत थेट डॉक्टरांच्या खोलीत शिरायची, आणि ते 'एक' विचारणं औषधं लिहून घेऊन वीस मिनिटांनी संपायचं. बाबांना प्रत्येक खिडकीपलीकडे कुणीतरी ओळखीचं भेटायचंच, आणि नसलंच तर ते पाच मिनिटांत ओळख काढायचे. बाहेर आल्यावर दोघं अशा ऐटीत चालायची, जणू किल्ला सर करून आली आहेत!

अपवाद एकच. बाबांचे वडील, अप्पा. चौतीस वर्षं पोस्टमन म्हणून पायपीट केलेला हा माणूस कुठल्याही रांगेत गुपचूप शेवटी उभा राहायचा आणि पुढच्याला विचारायचा, "गाव कोणतं आपलं?"

"अप्पा, तुमचं अर्धं आयुष्य रांगेत गेलं," बाबा चिडवायचे.

"गेलं की! पण ओळखी बघ किती झाल्या," अप्पा हसून म्हणायचे.

या घरातली नात नववीत होती. शाळेच्या वक्तृत्व स्पर्धेत पहिली आल्यापासून सगळे तिला 'वकीलबाई' म्हणायला लागले होते, आणि तिलाही ते भलतंच आवडायचं. कुठल्याही वादात समोरच्याला निरुत्तर केलं की तिला वाटायचं, आपण बरोबर आहोत. जिंकणं आणि बरोबर असणं यांत काही फरक असतो, हे तिला अजून कुणी सांगितलं नव्हतं.

अप्पांची फार दिवसांची एक इच्छा होती. नदीकाठच्या त्या तीर्थक्षेत्राहून आलेली पत्रं आणि पाकिटं त्यांनी आयुष्यभर लोकांच्या दारात पोचवली होती, पण स्वतः ते कधी तिथे गेले नव्हते. एकदा त्या देवासमोर उभं राहायचं, एवढंच त्यांचं मागणं. शेवटी बाबांनी एका दिवसाची रजा काढली. सकाळी आठ ते दुपारी एक अशी गाईडसह छोटी सहल ठरवली आणि तीनच्या गाडीची परतीची तिकिटं काढली.

गाईड म्हणजे चाळिशीतल्या एक बाई होत्या. पायात कापडी बूट, खांद्याला पाण्याची बाटली आणि रोज बोलून बोलून बसलेला घसा. "डावीकडून उतरा, उजवीकडे शेवाळ आहे," असं सांगत त्यांनी सगळ्यांना नदीपर्यंत नेलं. पाण्यात हात घालून अप्पा कितीतरी वेळ नुसते उभे राहिले. मग वर चढताना मात्र ते असे सुटले, की बाबा निम्म्या पायऱ्यांवर धापा टाकत बसले आणि अप्पा वर पोचून खाली बघत होते!

"आजोबा, उद्यापासून माझी नोकरी तुम्हीच करा," गाईडताई म्हणाल्या. अप्पा लहान मुलासारखे खूश झाले.

अरुंद गल्ल्यांतून वळणं घेत सगळे देवळापाशी आले, आणि समोर रांग! लोखंडी कठड्यांमधून चार-पाच वळसे घालून ती पार कोपऱ्यावरून पलीकडे गेली होती.

"अगं बाई!" आईने कपाळाला हात लावला.

"तीन तास धरा," गाईडताई म्हणाल्या. "आत्ता दहा वाजलेत. एकला आत जाल. दोन घास खाऊन तीनची गाडी आरामात मिळेल."

"तीन तास उन्हात? मग बाजार कधी बघायचा?" आई कुरकुरली. अप्पा मात्र केव्हाच रांगेच्या शेपटाकडे निघाले होते.

तेवढ्यात वकीलबाईला बाजूच्या खिडकीवरचा फलक दिसला. 'चालू न शकणाऱ्या भाविकांसाठी चाकाची खुर्ची. सोबत घरच्या तिघांना बाजूच्या दाराने प्रवेश.'

तिचे डोळे चमकले. "बाबा! खुर्चीत अप्पा, आणि सोबत आपण बरोबर तिघं! हा फलक आपल्यासाठीच लावलाय!"

"वा रे पठ्ठी!" बाबांनी तिची पाठ थोपटली. "डोकं आहे हं पोरीला!"

अप्पा थबकले. "मला काय धाड भरलीय? मी का खुर्चीत बसू?"

"अप्पा, तुमचे गुडघे दुखतात की नाही?"

"थंडीत जरा ठणकतात."

"दुखतात ना? मग यात खोटं काय आहे?" वकीलबाईने हात नाचवत विचारलं. आई खुदकन हसली.

"मला रांगेत उभं राहायचंय," अप्पा हळूच म्हणाले.

"म्हणजे तुमच्यापायी आम्हीपण तीन तास भाजून घ्यायचं का?" बाबा म्हणाले.

तुमच्यापायी! म्हाताऱ्या माणसाला हा शब्द किती लागतो, हे तो ऐकावा लागल्याशिवाय कळत नाही. अप्पा रांगेकडे पाठ करून माघारी आले.

गाईडताईंनी एकदा तोंड उघडून पाहिलं. "साहेब, आत्ताच आजोबा आपल्या सगळ्यांच्या आधी पायऱ्या चढले..."

"ताई, तुम्ही शहर दाखवा. आमच्या घरचं आम्ही बघू," बाबांनी त्यांना तोडलं.

"बरं. पण खुर्चीला मी हात लावणार नाही," एवढंच त्या म्हणाल्या.

अर्ज वकीलबाईनेच लिहिला. वळणदार अक्षरात तिने लिहिलं, 'दोन्ही पायांनी चालता येत नाही.' बाबांनी खाली सही ठोकली.

"नशीबवान आहात," खिडकीतला माणूस म्हणाला, "शेवटची खुर्ची आहे."

किती आनंद झाला तिला! अप्पा बसले. आईने आपली शाल त्यांच्या गुडघ्यांवर पांघरली आणि बाबा कानाशी वाकून म्हणाले, "पाय हलवू नका हं, अप्पा."

खुर्ची बाजूच्या वाटेने निघाली. कठड्याच्या एका बाजूला घामाघूम झालेली रांग आणि दुसऱ्या बाजूला हे चौघं. लोक बघत होते. "बिचारे!" कुणीतरी हळहळलं. अप्पांहून म्हाताऱ्या असलेल्या एका बाईंनी रांगेतूनच त्यांना हात जोडले. वकीलबाईला वाटलं, अप्पा आता एखाद्याचं गाव विचारतील. पण त्यांनी मान वर केलीच नाही. मांडीवर हात घट्ट धरून, चोरी करताना पकडलेल्या मुलासारखे ते बसून राहिले. तिचे कान गरम व्हायला लागले.

दार पंधरा पावलांवर आलं होतं. तिथेच कठड्यापलीकडे एक बाई दहा-अकरा वर्षांच्या मुलीला पाठुंगळी घेऊन उभी होती. एवढी मोठी मुलगी! पायांना लोखंडी पट्ट्या, त्या प्रत्येक पावलाला आईच्या कमरेवर आपटत होत्या. बाईचा श्वास फुलला होता.

अप्पांनी मान वर केली. "ताई, हिला खुर्ची नाही घेतलीत?"

"गेले होते ना खिडकीवर. म्हणाले, शेवटची आत्ताच गेली. मग रांगेतल्यांनीच हिला बघून पुढे सोडलं," ती बाई म्हणाली. मग अप्पांच्या गुडघ्यांवरची शाल बघून घाईने पुढे म्हणाली, "असू द्या बाबा. तुम्हालाही गरज आहेच की."

तेवढं ऐकलं मात्र, आणि अप्पा उठले! शाल खाली पडली. दोन ताड ताड पावलं टाकून ते कठड्यापाशी गेले. "आण इकडे लेकराला. बसव हिला खुर्चीत."

आणि मग रांगेतून आरोळी उठली!

"उठले! आजोबा उठले!"

"चमत्कार! अरे, दाराशी आल्याबरोबर पाय आले!"

बघता बघता शंभर हात जोडले गेले. फोन वर झाले. एक तरुण कठडा ओलांडून अप्पांच्या पाया पडला. गोंधळलेल्या आईने तर स्वतःही हात जोडून टाकले! बाबा अप्पांच्या दंडाला धरून पुटपुटले, "गप्प राहा. आता काहीच बोलू नका. निभावून जाईल."

निभावूनही गेलं असतं. पण ती बाई मुलीला खुर्चीत ठेवून वकीलबाईसमोर आली. तिचे डोळे भरले होते आणि चेहरा असा उजळला होता, की तिच्याकडे बघवेना.

"बाळ, तू तरी सांग. कधीपासून बसून होते गं आजोबा? कोणता नवस बोललात? आम्ही सहा वर्षं दारोदार फिरतोय. काय असेल ते सांग, मी करेन."

पाचशे मुलांसमोर सात मिनिटं न अडखळता बोललेली ती मुलगी! पण आता ती आधार शोधू लागली. तिने बाबांकडे पाहिलं. बाबा डोळ्यांनी 'नको' म्हणत होते. तिने अप्पांकडे पाहिलं. भर गर्दीत, लोक पाया पडत असताना, ते अंग चोरून उभे होते.

"नवस नाही," ती म्हणाली. मग तिचा आवाज फुटला. "चमत्कार नाही झाला! अप्पांना पहिल्यापासून चालता येतं. रांग नको म्हणून आम्ही त्यांना खुर्चीत बसवलं. मला सुचलं ते. अर्ज पण मीच लिहिला. खोटा!"

फोन हळूहळू खाली गेले. "देवाच्या दारात? लाज नाही वाटत?" मागून कुणीतरी ओरडलं. पाया पडलेला तरुण हात झटकून बाजूला झाला.

ती बाई ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं! चेहऱ्यावरचा तो उजेड हळूहळू विझला आणि ती एवढंच म्हणाली, "असं होय. मला घटकाभर खरंच वाटलं गं."

"आई, चल ना! ही काय मस्त पळते!" खुर्चीतली मुलगी चाकं फिरवत म्हणाली. बाईने तिच्या पायाची सैल झालेली पट्टी आवळली आणि खुर्ची ढकलत ती दारातून आत गेली.

रखवालदाराने चौघांना बाहेरचा रस्ता दाखवला.

"तोंड उघडायची काय गरज होती तुला?" बाहेर येताच बाबा लेकीवर कडाडले. "चार लोकांत शोभा झाली!"

"साहेब, शोभा तुम्ही सही केलीत तेव्हाच झाली," कठड्याबाहेरून सगळं बघत-ऐकत आलेल्या गाईडताई म्हणाल्या. "बघायला लोक आत्ता आले, इतकंच. या दाराशी बारा खुर्च्या आहेत. रोज सकाळी संपतात. त्यांतल्या निम्म्या माणसांना मी दुपारी बाजारात चालताना बघते. बघते आणि गप्प बसते, कारण पाहुणे नाराज व्हायला नकोत. आजही एक वाक्य बोलले आणि गप्प बसले. त्या बाईच्या पाठीवर तुमच्या लेकीइतकंच माझंही ओझं होतं. पण आता यापुढे नाही!"

अप्पांनी शालीची धूळ झटकली, घडी करून ती आईच्या हातात दिली आणि ते रांगेच्या शेपटाकडे चालू लागले.

"अप्पा, सव्वाअकरा झालेत. रांग अजून वाढलीय," बाबा म्हणाले. "दहालाच उभे राहिलो असतो तर..." आणि वाक्य अर्धंच सोडून ते मागोमाग गेले. वकीलबाई अप्पांच्या शेजारी उभी राहिली. ऊन रणरणत होतं. रांगेतले काही जण त्यांना ओळखून कुजबुजत होते. तिला वाटलं, जमीन दुभंगावी आणि आपण आत जावं.

"अप्पा, माझ्यावर चिडा ना," ती शेवटी म्हणाली.

"कशाला चिडू? मीही बसलोच की," अप्पा म्हणाले. "चौतीस वर्षांत एकाचं पाकीट दुसऱ्याच्या दारात टाकलं नाही. आणि आज दुसऱ्याची खुर्ची घेऊन ऐटीत निघालो. तू बोललीस. ते खरं तर मी बोलायला हवं होतं."

दोन वाजले तेव्हा दोन वळणं शिल्लक होती. गाडी गाठायची तर आत्ताच निघायला हवं होतं. अप्पांनी दुरूनच कळसाला हात जोडले. "चला. तुझी रजा एकच दिवसाची आहे."

बाबा हलले नाहीत. त्यांनी फोन काढून ऑफिसला लावला. "नमस्कार साहेब. उद्या यायला जमणार नाही. वडिलांची तब्येत..." ते अडखळले. लेक त्यांच्याकडेच बघत होती. बाबांनी फोन कानाशी नीट धरला. "नाही साहेब. तब्येत ठणठणीत आहे. आम्ही रांगेत उभे आहोत आणि गाडी चुकणार आहे. हो. पगार कापा, चालेल."

आईने आश्चर्याने त्यांच्याकडे पाहिलं आणि पिशवीतली पाण्याची बाटली त्यांच्यापुढे धरली.

अप्पांनी वळून पुढच्या माणसाच्या खांद्यावर हलकेच हात ठेवला. "गाव कोणतं आपलं?"

पावणेतीनला ते आत पोचले. अप्पा देवासमोर उभे राहिले, डोळे भरून पाहत. वकीलबाईने मात्र मान खाली घातली होती. मागायला तिच्याकडे काही नव्हतं, आणि वर बघायची तिला लाज वाटत होती.

वाचकहो, आपल्या बसमध्ये, दवाखान्यात, कचेरीत अशा राखून ठेवलेल्या जागा असतात. त्या रिकाम्या दिसल्या तरी मोकळ्या नसतात! आपण युक्तीने तिथे बसतो तेव्हा कुणीतरी कुणाला तरी पाठीवर घेऊन उभं राहतं, आणि बहुतेक वेळा ते आपल्याला दिसतही नाही. वकीलबाईला दिसलं. आता घरी दवाखान्याची वेळ आली की आई हळूच विचारते, "नंबर लावायचा ना?" आणि वकीलबाई काहीही युक्तिवाद न करता अभ्यासाची वही घेऊन दवाखान्यातल्या बाकावर शेवटी जाऊन बसते.