गजभर फ्लॅनेल

“गरम बिअर अंड्यांवर हळूहळू सोडायची. घाई केलीस तर अंडी शिजतात, मग पिण्याऐवजी चमच्यानं खावं लागतं,” एडा सुनेला सांगत होती. आलं, जायफळ, रम आधीच पडलं होतं. एडाच्या नवऱ्याला, हर्बर्टला, पुरून मंडळी पबच्या मागच्या खोलीत जमली होती.

लंडनच्या या सुनेनं, डेलियानं, विचारलं की याला ‘गजभर फ्लॅनेल’ का म्हणतात. बायकांत लगेच दोन तट पडले. काहींच्या मते ते फ्लॅनेलच्या लोकरी कापडासारखं मऊ उतरतं म्हणून. बाकीच्यांच्या मते ओतताना धार गजभर लांब पडते म्हणून. कापडगिरणीत जन्म गेलेल्या एडाच्या लेखी दोन्ही एकच होतं. या दांडीच्या जगमधून त्या जगमध्ये धार कापडासारखी अखंड पडली, तरच ते मऊ होतं.

“आणि तुटली तर?”

“तर माणूस नीट पोचवला नाही, म्हणतात.”

विणकर गेला की खालचा जग त्याच्या बायकोनं धरायचा, वरचा त्याच्या शेजारच्या मागावरच्या माणसानं. शेजारचा माग सिल्वेस्टरचा. संपात तो कामावर गेला, तेव्हापासून हर्बर्टनं त्याच्याशी बोलणं टाकलं ते टाकलंच. आता तो दाराशी टोपी चुरगाळत उभा होता. त्याला कोणी बस म्हटलं नव्हतं.

एडाच्या मुलानं, क्लिफर्डनं, वरचा जग उचलला. “मी ओततो, आई. बाबांना हा माणूस चालला नसता.”

“नसताच चालला,” एडा म्हणाली. “पण त्यांचं लक्ष नसताना धागा तुटला, की हाच येऊन जोडायचा. एक शब्द न बोलता. घरी येऊन ते मला सांगायचे. शिव्या देत, पण सांगायचे.”

क्लिफर्डनं जग खाली ठेवला.

“ये सिल्वेस्टर. की आज तुझा संप आहे?” एडा म्हणाली.

कोणी हसलं नाही. सिल्वेस्टर आला, जग उचलून बाकावर चढला. एडानं आपला जग कमरेशी धरला. पिवळसर, वाफाळती धार खाली उतरू लागली. ती थरथरली, बारीक झाली, पण तुटली नाही.

धार संपली. एडाचा जग काठोकाठ भरला. सिल्वेस्टर मात्र रिकामा जग तसाच वर धरून उभा होता, जणू त्याचा निरोप अजून संपला नव्हता, आणि त्याला खाली उतर म्हणायला कोणी घाई केली नाही.