बाहेरून लावलेलं कुलूप

आई सकाळी सव्वासातला निघायची आणि जाताना बाहेरून कुलूप लावायची. वडील मालाचा ट्रक चालवायचे, आठवड्यातले चार-पाच दिवस ते रस्त्यावरच. शाळेला सुट्टी लागली की आम्ही दोघं भावंडं तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत बंद. मी अकरा वर्षांची, धाकटा सहा. तो इतका गोल आणि इतका घरंगळणारा होता की सगळे त्याला गोटीच म्हणायचे.

"माझी मोठी फार समंजस आहे," असं आई शेजारणींना सांगायची. त्या शब्दाची मला चीड होती. समंजस म्हणजे दूध उतू जाऊ न देणारी, भांडी घासणारी, गोटीचं नाक पुसणारी आणि त्याने पाडलेल्या वस्तूंसाठी बोलणी खाणारी. बाई गं, तुला हे जमतंय का, असं मला कुणी एकदाही विचारलं नव्हतं.

कुलपावरून मी आईशी भांडलेही होते.

"किल्ली आत ठेव ना. आम्ही काय चोर आहोत?"

केसांत पिना खोचत ती म्हणाली, "गोटी जिन्यावरून गडगडला तर? तू दार उघडं टाकून मैत्रिणीकडे गेलीस तर?"

"मी कधी गेलेय?"

"गेली नाहीस, कारण कुलूप आहे."

दातओठ खात मी कपडे वाळत घातले.

त्या मंगळवारी अकराच्या सुमाराला गोटीने स्टुलावर चढून फळीवरची काचेची बरणी ओढली. मी मोरीत त्याची चड्डी धूत होते. खळ्ळकन आवाज आला तशी मी तिथूनच ओरडले, "हलू नकोस." ओरडण्याने तो आणखीच घाबरला आणि स्टुलावरून त्याने उडी मारली ती थेट काचांवर.

तो रडत नव्हता. नुसता पायाकडे बघत होता. तळपायात बोटभर लांब चीर गेली होती. मी टॉवेल गुंडाळला, तो भिजला. दुसरा गुंडाळला आणि घरी ठेवलेल्या जुन्या मोबाइलवरून आईच्या कारखान्यात फोन लावला.

आई शर्टांच्या कॉलरी शिवायची. मशीनवर बसण्याआधी बायकांचे मोबाइल कपाटात जमा व्हायचे. घरच्यांसाठी ऑफिसचा एक नंबर दिलेला होता. तिथल्या बाईंनी फोन उचलला.

"बेचाळीस नंबरच्या मशीनवर माझी आई आहे. तिला बोलवा. माझ्या भावाचा पाय कापलाय."

"काम चालू आहे. जेवणाच्या सुट्टीत निरोप देते."

"खूप रक्त येतंय."

"घरात मोठं कोण आहे? त्यांना दे फोन."

"मीच मोठी आहे."

"मग शेजारी कुणाला तरी सांग, बाळ," म्हणून त्यांनी फोन ठेवला. दुसऱ्यांदा लावला तेव्हा बाळ वगैरे काही नव्हतं. "ही लाइन कामाची आहे. सारखा फोन करायचा नाही." तिसऱ्यांदा कुणी उचललाच नाही.

मी दार बडवलं. आमच्या मजल्यावरचे सगळे कामावर गेलेले. खाली आवारात एक सुतार कुणाचं तरी कपाट तासत होता, पण त्याच्या मशीनच्या घरघरीत माझा आवाज पोचेना. मग मी खिडकीच्या गजांतून वाट्या फेकायला लागले. चौथी त्याच्या पुढ्यात पडली.

"डोकं फुटलं असतं की माझं," तो वर बघून गरजला.

"कुलूप तोडा, काका. माझा भाऊ आत आहे, खूप लागलंय."

पुढे त्याने एकही प्रश्न विचारला नाही. हातोडा घेऊन वर आला, चार घावांत कोयंडा निखळला. गोटीला त्याने खांद्यावर घेतलं आणि आम्ही दोन गल्ल्या पलीकडच्या दवाखान्यात गेलो. सात टाके पडले.

परत आलो तर जिन्यात वरच्या मजल्यांवरच्या बायका जमलेल्या. "काय बाई तरी, पोटच्या पोरांना कोंडून जाते," एक म्हणाली. बाकीच्या माना हलवत होत्या. माझ्या फ्रॉकवरचं रक्त अजून सुकलं नव्हतं.

"तुम्हाला रोज कुलूप दिसत होतं," मी म्हणाले. "एकदा तरी दारावर टकटक केलीत?"

"भारीच तोंडाळ आहे," कुणीतरी पुटपुटलं आणि जिना रिकामा झाला.

आई साडेसहाला आली. तुटलेलं दार पाहून तिचं तोंड पांढरं पडलं होतं. मी दिवसभराचा राग तिच्यासाठी साठवून ठेवला होता.

"निरोप मिळाला तरी आली नाहीस?"

"कसला निरोप?"

मी सांगितलं. ती मटकन खाली बसली. मला तिची दया आली नाही. "पुन्हा कुलूप लावलंस तर मी तुझी पोरगी नाही," मी म्हणाले. "आणि मला समंजस म्हणू नकोस."

उठून तिने सुरीने उरलासुरला कोयंडा उचकटून काढला.

दुसऱ्या दिवशी ती आम्हा दोघांना घेऊनच कामावर गेली. गोटी कडेवर. मशीनच्या रांगांना लागूनच असलेल्या टेबलाशी, फोनवाल्या बाईंसमोर उभी राहून म्हणाली, "काल माझ्या मुलीने किती वेळा फोन केला?"

"दिवसाला दहा फोन येतात. पोरं काहीही सांगतात."

आईने गोटीचा बँडेज बांधलेला पाय त्यांच्या उघड्या रजिस्टरवर ठेवला. "हे काहीही आहे. नीट बघा."

सुपरवायझर धावत आला. "एकीला उठवलं की सगळी लाइन थांबते. मशीनवर बसा, नाहीतर घरी जा."

"बसते. आधी मला निरोप का दिला नाही ते सांगा."

बटणं लावणारी एक मावशी मशीन बंद करून उठली. तिचीही तीन मुलं घरी एकटी असायची. तिच्या शेजारची उठली, मग पुढची रांग. घरघर हळूहळू विझली.

"आता थांबली बघा लाइन," मावशी म्हणाली.

दुपारच्या आत भिंतीवर कागद लागला: मुलांचा फोन आला तर निरोप लगेच द्यायचा. आठवड्याने आईला शिलाईवरून काढून इस्त्रीवर टाकलं. तिथे दिवसभर उभं राहावं लागतं. कारण कुणी सांगितलं नाही, पण ते सगळ्यांना ठाऊक होतं.

पाय कापला त्याच आठवड्यात, शुक्रवारी वडील आले होते. सगळं ऐकून म्हणाले, "पोरगी धीराची आहे माझी."

"मला धीर नकोय," मी म्हणाले. "घरात कुणीतरी मोठं हवंय." ते बूट काढता काढता थांबले, आणि त्या रात्री आईशी बराच वेळ बोलत बसले.

मावशीची नणंद घरीच असायची. पुढच्या सोमवारपासून आम्ही पाचही मुलं तिच्याकडे. पहिल्या दिवशी गोटी पडला तेव्हा मी सवयीने उठले. "बस गं, मी आहे," ती म्हणाली आणि त्याला उचलून घेतलं. मी तिथेच चटईवर आडवी झाले आणि संध्याकाळपर्यंत झोपले. जाग आली तेव्हाही राग होताच. पण भूकही लागली होती, आणि वाढायला दुसरं कुणीतरी होतं.