डेर्वोच्या छपरावरचा पाहुणा

सातूची मळणी उरकली की आठ-दहा दिवसांत, भर दुपारी, खोरून डोंगरावरून तो उजेड खाली यायचा. गवताच्या गंजीएवढा, मधाच्या रंगाचा. गल्ल्यांमधून रेंगाळायचा, एखाद्या छपरावर बसायचा आणि उन्हं कलली की विरून जायचा. का येतो, कुणालाच ठाऊक नव्हतं. ओर्दान गावचे लोक त्याला पाहुणा म्हणत. ज्याच्या घरी पाहुणा बसला तो माणूस निर्मळ, असं गाव मानायचं. मग वर्षभर पाण्याच्या बाबतीत त्याचाच शब्द. कुणाच्या शेताला पाट किती वेळ सोडायचा, ते त्यानं गावच्या चौथऱ्यावर बसून ठरवायचं.

त्या वर्षी पाहुणा डेर्वोच्या छपरावर बसला.

त्याची बायको इस्मे अंगणात आनंदानं रडायला लागली. शेजारणी धावत आल्या. डेर्वो मात्र गोठ्यात शिरला आणि हातात चाऱ्याची पेंढी घेऊन शेळ्यांच्या मागे उभा राहिला. शेळ्यांचं खाऊन झालेलं होतं.

"अहो, बाहेर या की," इस्मे दारात येऊन म्हणाली. "लोक वाट बघतायत. आज तरी तो सदरा बदला."

तीन वर्षांपूर्वी, दुष्काळात, डेर्वोनं सलग नऊ दुपारी पाटाच्या वळणावरचा दगड सरकवून कालुनेचं पाणी आपल्या सातूकडे वळवलं होतं. कालुने खालच्या बांधावरची विधवा. तिची जर्दाळूची बाग वाळून गेली. पाणी सोडण्याचं काम तिच्याच भावाकडे, हाल्दूकडे होतं. "मी सोडलं होतं पाणी," हाल्दू परोपरीनं सांगत राहिला. पण गावानं ठरवलं, हा झोपला. चौथऱ्यापुढे उभं करून त्याची पाटकऱ्याची काठी काढून घेतली. तेव्हा गर्दीतून डेर्वो म्हणाला होता, "जाऊ द्या हो, माणूसच आहे. उन्हात डोळा लागतो एखाद्याचा."

त्या वाक्यासरशी हाल्दूचं झोपणं पक्कं झालं. वर डेर्वोला लोकांनी मोठ्या मनाचा म्हटलं. आठवड्याभरात हाल्दू खिंडीपलीकडे निघून गेला.

संध्याकाळी कालुने आली. वाडग्यात मूठभर सुकवलेले जर्दाळू होते.

"दोनच झाडं राहिलीत, दादा, त्यांचे आहेत," ती म्हणाली. "त्या दिवशी माझ्या भावाच्या बाजूनं तू एकटाच बोललास. पाहुण्याला माणूस कळतो बघ."

डेर्वोनं एक जर्दाळू तोंडात टाकला. ती समोर हसत उभी होती म्हणून त्यानं तो कसाबसा गिळला, आणि कान लाल झालेले दिसू नयेत म्हणून चुलीकडे तोंड करून बसला.

दुसऱ्या दिवशी सकाळीच तो थास्रामावशीकडे गेला. म्हातारीच्या छपरावर तिच्या तरुणपणी पाहुणा बसला होता. नव्या माणसाला चौथऱ्यावर बसवायचा मान तिचा. त्यानं सगळं सांगून टाकलं. ती लोकर पिंजत ऐकत होती.

"झालं सांगून?" तिनं विचारलं.

"पाहुणा चुकला, मावशी."

"चुकला नाही. माझ्या घरी बसला म्हणून मला निर्मळ समजतोस काय तू? जावेच्या बाळंतपणात तिनं हाका मारल्या, आणि मी भांडणाचा राग धरून दार उघडलं नाही. पोर गेलं." तिचे हात थांबले नाहीत. "माझ्यानंतर जे जे बसले, त्यांतले बरेचसे तुझ्यासारखंच काही पोटात घेऊन इथं येऊन गेलेत. मी सगळ्यांना एकच सांगितलं, गप बस आणि पाणी सरळ वाटत जा."

"आणि ते गप्प बसले?"

"मीही बसले. तूही बसशील. सोपं असतं, बाबा. लोक पाया पडायला लागले की फारच सोपं."

डेर्वो घरी आला. इस्मेनं नवा सदरा काढून ठेवला होता. त्यानं तो निमूटपणे घातला, आणि चौथऱ्यापर्यंत जाईस्तोवर त्याला वाटत होतं, आपण गप्पच बसणार. पण पुढ्यात कालुने बसली होती. आज भावाची चांगली चादर पांघरून आली होती. तिच्याकडे बघताच ते सगळं बाहेर पडलं. वळणावरचा दगड, नऊ दुपारी, आणि डोळा लागतो हे वाक्यसुद्धा.

कुणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. कालुने उठली, त्याच्याजवळ आली आणि हळू आवाजात म्हणाली, "काल माझे जर्दाळू खाल्लेस तू."

एवढंच बोलून ती गेली. मागून कुणीतरी विचारलं, "मग बाकीच्यांच्या घरी पाहुणा कशासाठी बसला होता?" जुन्या मानाच्या घरातली माणसं एकेक करून पायांकडे बघू लागली. थास्रामावशीही बघू लागली.

इस्मे बारा दिवस त्याच्याशी बोलली नाही. तेराव्या दिवशी तिनं भाकऱ्या बांधून त्याच्यापुढे ठेवल्या. "जा. हाल्दूच्या तोंडावर सांगून ये. मग बघू."

खिंडीपलीकडच्या मीठबाजारात हाल्दू खेचरांवर गोण्या लादत होता. केस पांढरे झाले होते. डेर्वोनं उभ्या उभ्या सगळं सांगितलं, त्याच्या डोळ्यांत न बघता. हाल्दू गोणीचा दोर हातात धरून ऐकत होता.

"मला वाटायला लागलं होतं, खरंच झोपलो असेन," तो म्हणाला. "तीन वर्षं मी रात्रीसुद्धा नीट झोपत नाही. कुठं डोळा लागला होता, ते आठवत बसतो."



"परत चल," डेर्वो म्हणाला. "गाव तुझी काठी परत देतंय."

"काठीचं काय करू?" हाल्दूनं गाठ मारली, ओढून बघितली. "तू जा आता. ताईला सांग, मी जागा होतो."

चार दिवसांची वाट होती. डेर्वो ते वाक्य पुटपुटत चालत राहिला, पण कालुनेच्या दारात उभं राहून ते कसं म्हणायचं ते त्याला काही केल्या सुचत नव्हतं.