रश्मीची चाल आणि माझा राग

मी एक जुनी बाजाची पेटी आहे. मित्रांनो, म्हाताऱ्यांनी गोडच बोलावे असे तुम्हांला वाटत असेल. पण मला राग आला आहे आणि तो मी लपवणार नाही.

नागपूरच्या एका कारागिराने मला सागवानातून घडवले. भंडारा जिल्ह्यातल्या सानगडीचे केशवराव रामटेके मला घरी घेऊन आले. दिवसभर धानाच्या बांधीत राबून ते संध्याकाळी विहारात भीमगीते म्हणत आणि मी सूर धरत असे. त्यांची मुलगी रश्मी माझ्यावरच शिकली. ती मुंबईला निघाली तेव्हा त्यांनी मला तिच्यासोबत दिले.

तिथे ती एका नामवंत संगीतकाराची सहायक झाली. त्यांना सगळे 'सर' म्हणत. एका मालिकेच्या शीर्षकगीताची चाल सरांना सुचेना. रश्मीने ती माझ्यावर बांधली. धानाची रोवणी करणाऱ्या बाया चिखलात मागे मागे सरकत ज्या लयीत गातात, तीच लय त्या चालीला होती. गीत घराघरांत पोचले. पडद्यावर नाव मात्र एकट्या सरांचे!

केशवरावांचा फोन आला. "तुह्यं नाव काहून नाई दिसलं व, रश्मी?"

"पुढच्या वेळी येईल, बाबा," ती म्हणाली आणि माझ्या झाकणावर डोके टेकून रडली.

पुढची वेळ कधी आलीच नाही. मालिका झाल्या, चित्रपट झाला. चाली रश्मीच्या, नाव सरांचे. स्टुडिओत लोक माझ्यावर चहाचे कप ठेवत. चहा सांडून माझी एक पट्टी चिकटली, तरी कोणी पुसले नाही.

मग लाखनीच्या महोत्सवात सरांचा सत्कार ठरला. साथीला रश्मी आणि मी. समोर केशवराव आणि पार्वताबाई, रश्मीचे आईबाबा, बसले होते.

"या शीर्षकगीताची चाल मला रियाज करताना सुचली," सर माइकवर म्हणाले.

रश्मीने धृपद वाजवले आणि थांबली. मला उचलून तिने सरांपुढे ठेवले.

"अंतरा तुम्ही वाजवा, सर."

"अगं, इथे? लोक बसलेत!"

"लोकांपुढेच वाजवा. चाल तुमची आहे ना?"

सरांनी बोटे ठेवली. पहिला सूर चुकला, दुसराही. मित्रांनो, मी मुळीच मदत केली नाही!

पार्वताबाई उठून ओरडल्या, "माह्या पोरीची चाल हाय ते! मले फोनवर आयकवली होती तिनं!"

सर शाल न घेताच गाडीत बसले.

पुढे कित्येक महिने रश्मीला कोणी काम दिले नाही. 'भांडखोर' म्हणून तिचे नाव झाले. शेवटी एका दिग्दर्शिकेने तिला चित्रपट दिला. भंडाऱ्याच्या थिएटरात 'संगीत : रश्मी रामटेके' ही अक्षरे उमटली, तेव्हा केशवराव खुर्चीतून उभे राहिले. मागचे लोक "बसा, बसा" म्हणत राहिले, पण ते बसले नाहीत.

त्या जुन्या गीतावर आजही सरांचेच नाव आहे. माझा राग म्हणूनच गेलेला नाही. मित्रांनो, आम्हां पेट्यांना ओलीपासून जपा. पण आमच्यावर बोटे झिजवणाऱ्यांना त्याहून अधिक जपा. एखादे गाणे आवडले, तर ते कोणी बांधले हे विचारा. उत्तर पटले नाही, तर पुन्हा विचारा, मोठ्याने विचारा.