टीव्हीतली रागिणी

रविवारी सकाळी चांगुणाबाई काहीतरी निमित्त काढून शेजारच्या द्वारकाबाईकडं जायची. तिथल्या टीव्हीत तिची रागिणी दिसायची. सेनगावजवळच्या एका मेंढपाळाची ही पोर पुण्यात इतिहासाची प्राध्यापक झाली होती. हजार वर्षांपूर्वीची देवळं कुणी बांधली, माणसं कशी जगली, हे ती माहितीपटांतून सांगायची. सात वर्षांपूर्वी तिनं जातीबाहेर लग्न केलं, तेव्हा चांगुणाबाईच्या नवऱ्यानं, मसाजीनं, लेकीला उंबरा बंद केला होता.

चांगुणाबाईला माहितीपटातलं फारसं कळायचं नाही. लेक वाळली का भरली, एवढंच ती बघायची.

त्या रविवारी रागिणी एका वीरगळापाशी उभी होती. गुरं वाचवताना मेलेल्या माणसाचा तो कोरीव दगड. ती म्हणाली, "असे दगड बघायला मला वडिलांनी शिकवलं. मेंढरांमागं हिंडताना."

चांगुणाबाईनं घरी येऊन हे सांगितलं, तेव्हा मसाजी लोकर कातरत होता. त्याचा हात थांबला.

"माझं नाव घेतलं?"

नाव घेतलं नव्हतं. "व्हय," ती म्हणाली. "मसाजी म्हनली."

पुढच्या रविवारी मसाजी धुतलेलं धोतर नेसून बायकोच्या आधीच द्वारकाबाईच्या ओसरीवर जाऊन बसला. टीव्हीवर भलतंच काही लागलं. रागिणीची मालिका संपली होती.

"परत कवा लागंल?"

"आता न्हाई लागत म्हणं, मामा," द्वारकाबाई म्हणाली.

तो तसाच बसून राहिला. मग बायकोला म्हणाला, "तिचा नंबर हाय तुझ्यापाशी. मला ठावं हाय."

दुसऱ्या दिवशी दोघं जीपनं सेनगावला गेले. फोनच्या दुकानात चांगुणाबाईनं कनवटीचा कागद काढून दिला. पलीकडून रागिणीचा आवाज आला, तसा मसाजीनं फोन कानाशी घट्ट धरला. तो नुसता खाकरला.

"आबा?"

"ते दगडाचं," तो म्हणाला, "मला बघाया मिळालं न्हाई. तू येऊन सांग."

लाईन कटली. दुकानदारानं दोनदा लावून पाहिला, लागेना. बाहेर जीपवाला हाका मारत होता.

"जाऊ दे जीप," मसाजी म्हणाला. "अजून लावा."

तिसऱ्यांदा लागला. या खेपेला चांगुणाबाईनं ऐकलं, हूं हूं केलं, डोळ्यांना पदर लावला.

"काय म्हनली?"

"शनवारी येते म्हनली."

मसाजीनं बोटं मोजली. "म्हंजी अजून पाच दिवस," तो म्हणाला.