मुंगीची जवळची वाट

पहिल्या वर्षाच्या ड्रॉइंगच्या पेपरात मी दरवर्षी एक मुंगी सोडतो. शंकूच्या पायथ्याशी, कडेवरच्या एका बिंदूवर ती उभी असते. तिला शंकूभोवती एक फेरा मारून पुन्हा त्याच बिंदूवर यायचं असतं, आणि तेही सगळ्यांत जवळच्या वाटेनं. ती वाट काढून दाखवा, वीस मार्क. एकतीस वर्षं मुंगी हीच आहे. फक्त शंकूची मापं बदलतात.

गणित अवघड नाही. पापनाशमच्या बस स्टँडवर शेंगदाण्याची पुडी मिळते, ती उलगडून सपाट करा. हातपंख्यासारखा आकार होतो. मुंगी जिथून निघते आणि जिथे पोचते ते एकाच बिंदूचे दोन अवतार पंख्याच्या दोन टोकांना येतात. त्या टोकांमध्ये पट्टी ठेवून सरळ रेघ मारली की झाली जवळची वाट. पुडी पुन्हा गुंडाळली की ती रेघ शंकूवर वळसा घालून वर चढते आणि उतरते. मुलांना हे समजावायला मला एक तास लागतो, आणि विसरायला त्यांना एक रात्र पुरते.

मी रघुराम राव. तंजावूरच्या बाहेर एका इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवतो, पुढच्या वर्षी मे महिन्यात रिटायर होईन. घर राजवाड्यामागच्या गल्लीत. गल्लीतली निम्मी माणसं आमच्यासारखीच तंजावुरी मराठी, तमिळमध्ये भांडून मराठीत समेट करणारी. दर जूनमध्ये त्यांतलं कोणीतरी केळी-नारळ घेऊन दारात येतं आणि म्हणतं, "आपलं पोर अहे, थोडं पाहा." मी पाहतो. जरा जास्तच बारकाईनं पाहतो. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं, हे माझ्याबाबतीत कोणी म्हणू शकलेलं नाही. आयुष्यात मिरवायला माणसाकडे एखादी गोष्ट असते, माझ्याकडे ही होती.

या वर्षी एप्रिलच्या पेपराला मी शंकूची मापं बदलली. मुलं जुनी उत्तरं घोकून येतात म्हणून. पायथ्याचा व्यास साठ मिलिमीटर, उंची पन्नास. दिसायला छान गोल आकडे. उत्तराचा नमुना मात्र मागच्याच वर्षीचा ठेवला, वर नवी मापं लिहिली. स्वतः पेन्सिल घेऊन एकदा सोडवून पाहिलं नाही. एकतीस वर्षं जे सोडवलं ते आणखी काय सोडवायचं?

अठ्ठावन्न शीट तपासायला आल्या. कॉलेज नंबर झाकून देतं. पण ड्रॉइंगच्या शीटवर नंबर झाकता येतो, हात झाकता येत नाही. जाड रेघ, कंपासच्या टोकानं पडलेलं मोठं भोक आणि कोपऱ्यात खोडरबराचा काळा डाग दिसला की मला कळतं ही विनुता. आमच्याच गल्लीतली पोर, धनलक्ष्मीची मुलगी. हात धिमा, अर्धे प्रश्न अपुरे. तिनं मुंगीला वळसा घालायला लावलाच नव्हता. मुंगी शंकूवरून सरळ टोकापर्यंत गेली होती आणि त्याच रेघेवरून सरळ खाली आली होती. एकच उभी रेघ. खाली इंग्रजीत दोन ओळी खरडल्या होत्या. शंकूच्या आकृत्यांचे चार मार्क दिले, उरलेल्या सोळांपैकी शून्य. बाकीच्यांनी वळसेदार वाट काढली होती, त्यांना भरभरून दिले. विनुताचे एकूण सेहेचाळीस झाले. पास व्हायला पन्नास लागतात.

या कमी पडलेल्या चार मार्कांत तिचं काय अडकलं होतं ते मला ठाऊक होतं. तिला प्रवेशाच्या काउन्सेलिंगमध्ये बायोटेकची जागा मिळाली होती आणि तिला मेकॅनिकल हवं होतं. आमच्याकडे पहिल्या वर्षानंतर एकदाच ब्रांच बदलता येते. अट अशी की सगळे विषय पहिल्या झटक्यात सुटलेले हवेत, आणि तेही ग्रेस मार्क न घेता. तिचे बाकीचे सगळे विषय उत्तम सुटले होते. तिनं फेरतपासणीचा अर्ज केला. शीट माझा सहकारी मुरलीकृष्ण याच्याकडे गेली, सोबत माझाच उत्तराचा नमुना गेला, आणि उत्तर आलं, बदल नाही. ब्रांच बदलाची यादी शुक्रवारी दुपारी चारला बंद होणार होती.

नापास मुलांचे वर्ग मंगळवारी सुरू झाले. अकरा मुलं होती. विनुता शेवटच्या बाकावर. मला वाटलं, मुंगीपासूनच सुरुवात करावी, म्हणजे या विनुताबाईंना आपण काय चूक केली ते कळेल. मी जाड ड्रॉइंग शीट घेतली, पेपरातल्याच मापांचा पंखा आखला, कात्रीनं कापला आणि फळ्याला टाचला. पट्टी दोन टोकांना लावली.

पट्टीची कड कागदावर नव्हती. मध्यभागी, जिथे शंकूचं टोक येतं तिथे, रेघ कागदाच्या बाहेरून जात होती. फार नाही, दोन-अडीच मिलिमीटर.

"कापताना हललं," मी म्हणालो आणि दुसरा पंखा कापला. तोही तसाच. तिसरा कापायला घेतला नाही. पंखा अर्ध्या वर्तुळापेक्षा जास्त उघडला होता, आणि असा पंखा असला की टोकांमधली सरळ रेघ त्याच्यावर राहतच नाही. मुंगी काही हवेतून चालत नाही. मग तिला जवळची वाट एकच उरते, टोकापर्यंत सरळ चढायचं, फेरा टोकावरच पुरा करायचा आणि सरळ उतरायचं.

विनुता वहीकडे पाहत होती, फळ्याकडे नाही. तिनं माझ्याकडे पाहिलं असतं तर बरं झालं असतं असं मला वाटलं. घंटेला पंधरा मिनिटं असताना मी वर्ग सोडला. एकतीस वर्षांत असं पहिल्यांदाच केलं. मला लाज वाटत होती, आणि लाजेपेक्षा राग जास्त येत होता, कोणाचा ते कळत नव्हतं.

बुधवारी मी परीक्षा विभागात जाऊन शीट मागून घेतल्या. बाकीच्या पोरांनी काय केलं होतं ते आता स्पष्ट दिसलं. त्यांचीही रेघ बाहेरच गेली होती. पण वर्गात शिकवलेली वाट वळसेदार असते हे त्यांना पाठ होतं, म्हणून कोणी पंखा जरा अरुंद केला होता, कोणी पेन्सिल जाड करून रेघ आत ढकलली होती. दोन मिलिमीटरची लबाडी, आणि तिला मी वीसपैकी अठरा दिले होते. विनुताच्या शीटवरच्या दोन ओळी मी तेव्हा पहिल्यांदा वाचल्या. तिनं लिहिलं होतं की सरळ रेघ कागदाबाहेर जाते, म्हणून मुंगी टोकावरूनच गेली पाहिजे. व्याकरण यथातथा होतं, भूमिती चोख.

परीक्षा विभागाच्या प्रमुख कामाक्षी मॅडम समंजस बाई आहेत. त्यांनी सगळं ऐकलं आणि म्हणाल्या, "सर, याला सोपा फॉर्म आहे. 'प्रश्न सदोष' असं लिहा. ज्यांनी प्रश्न सोडवायला घेतला त्या सगळ्यांना ग्रेस मिळेल. तपासणाऱ्याचं नाव येत नाही."

मला हायसं वाटलं. मी तिथेच सही केली. पोर पास होईल, माझा निरोप समारंभ नीट होईल, कोणाला काही कळणार नाही. ग्रेसची अट मला आठवली नाही असं म्हणता येईल. खरं सांगायचं तर आठवली होती, पण मी ती मनात फार वेळ राहू दिली नाही.

गुरुवारी संध्याकाळी विनुता घरी आली. एरवी ती तमिळच बोलते, मराठी ऐकते आणि मान डोलावते. त्या दिवशी शब्द शोधत शोधत मराठीत बोलली. बहुधा ठरवूनच आली असावी.

"सार, वेळ अहे कीं?"

"घरीं मामा म्हण गे. इथें सार कशाला?"

"कॉलेजचं काम अहे, सार." ती बसली नाही. "नोटीस लागली. ग्रेस म्हणून अहे."

"मग पास झालीस कीं."

"पास झालें. ब्रांच मिळणार नाहीं. रूल तसा अहे."

मी छताचा पंखा वाढवला. काहीतरी करायला हवं होतं म्हणून.

"तुम्हीं प्रश्न चूक म्हणून लिहिलांत," ती म्हणाली. "प्रश्न चूक कुठें होता, सार? मुंगीला वाट होतीच कीं. मीं काढली."

ताकाला जाऊन भांडं कशाला लपवा, म्हणून मनात होतं तेच बोललो. "हें पाहा, गल्लींतली पोर तूं. आपल्यांतली. तुझ्या एकटीसाठीं मीं हातानं पत्र लिहून दिलं, आणि तुलाच सीट मिळाली, तर लोक काय म्हणतील? एकतीस वर्षं माझ्याकडे कोणी बोट दाखवलं नाहीं."

"लोक म्हणतील तें मला पण म्हणतील, सार," ती म्हणाली. "तीन वर्षं म्हणतील. मला चालेल."

ती गेल्यावर कॉफी आली, ती गार झाली, आणि मी बसून राहिलो. अठरा वर्षांची पोर जे सोसायला तयार होती त्याला मी भीत होतो. आणि मी तर मे महिन्यात घरीच बसणार होतो. इतकी वर्षं नाकानं कांदे सोलले, त्याचा हिशेब असा दारात येऊन उभा राहिला.

शुक्रवारी सकाळी मी त्या फॉर्मऐवजी पत्र लिहिलं. प्रश्न बरोबर आहे. उत्तराचा नमुना चुकीचा आहे, तो मी न सोडवता दिला. या विद्यार्थिनीचं उत्तर बरोबर असून तिला उरलेले सोळा मार्क मिळायला हवेत, ग्रेस नव्हे. बाकीच्या मुलांचे मार्क आमच्या नियमानं एकदा दिले की कमी होत नाहीत, त्यामुळे नुकसान कोणाचंच नव्हतं. स्टाफरूममध्ये मुरलीकृष्णला दाखवलं, कारण फेरतपासणीत त्याचीही सही होती. त्यानं वाचलं, हसला आणि तमिळमध्ये म्हणाला, "शेवटी आपलं माणूस ते आपलं माणूस, नाही का सर?" सूर गमतीचा होता. जेवणाच्या सुट्टीपर्यंत हे सगळ्या कॉलेजात होईल हे मला कळलं. झोंबलं. फार झोंबलं.

कामाक्षी मॅडमनी पत्र दोनदा वाचलं. चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"ही तुमची कोण?"

"कोणी नाही. आमच्या गल्लीतली आहे."

"तुमच्याच लोकांतली?"

"हो."

"मग सर, हे पत्र मी असंच पुढे पाठवलं तर उद्या कोणीतरी तक्रार करणार, आणि तिची सीट अडकणार. मला फाइलला कारण लावावं लागेल. दोन-तीन प्रश्न विचारते, खरं सांगा." त्यांनी शीट माझ्यासमोर सरकवली. "तपासताना ही तिचीच शीट आहे हे तुम्हाला कळलं होतं?"

"कळलं होतं."

"आणि या खालच्या दोन ओळी तेव्हा वाचल्या होत्या?"

"नाही."

"दुसऱ्या कोणाची शीट असती, तर वाचल्या असत्या?"

मी शीटकडे पाहिलं. बाकीच्या सत्तावन्न शीटांवर मुलांनी जे जे खरडलं होतं ते मी वाचलं होतं. एकानं तर पेन्सिल तुटल्याची माफी मागितली होती, तीसुद्धा. हिचा हात ओळखला आणि तिथेच माझे डोळे मिटले. याला मी इतकी वर्षं न्याय म्हणत होतो. अशा किती शीट गेल्या असतील, गल्लीतल्या किती पोरांच्या, ते आता मोजताही येणार नव्हतं.

"वाचल्या असत्या," मी म्हणालो.

मॅडमनी पेन उचललं, आणि त्या थांबल्या. "हे असंच लिहू? चारला यादीत तिचं नाव येईल. पण मग हे कायम फाइलमध्ये राहील, सर."

"लिहा," मी म्हणालो. "ओळखली म्हणून वाचलं नाही, असंच लिहा."